दोन्ही बाजूंना सारखे पाणी

अथेन्सच्या जुन्या बाजारचौकाचे उत्खनन करताना मातीचे एक भांडे सापडले. दिसायला साधी बादली. तळाशी बारीक नळी, काठाखाली जास्तीचे पाणी वाहून जायला एक भोक, आणि अंगावर दोनच खुणा: अँटिओकिस या नागरिक-गणाचे नाव आणि दोन मापे पाणी बसते हे सांगणारी अक्षरे. भोकापर्यंत भरले की सुमारे साडेसहा लिटर पाणी मावते आणि नळीवाटे ते निघून जायला साधारण ६ मिनिटे लागतात. भांडे इ.स.पू. पाचव्या शतकाच्या अखेरचे. ग्रीक लोक त्याला क्लेप्सिड्रा म्हणत, म्हणजे पाणीचोर. आपल्याकडे मुहूर्त साधायला घंगाळात सोडलेले घटिकापात्र पाणी आत घेत घेत बुडे. हे उलट रिते होत जाई. न्यायसभेत एक जण बोलायला उभा राहिला की नळीचे बूच काढायचे आणि धार आटली की त्याने थांबायचे. मग भांडे पुन्हा भरायचे, तेवढेच, आणि समोरच्याला बोलू द्यायचे.

सॉफिस्टांची ओळख करून देताना मला या भांड्यापासून सुरुवात करावीशी वाटते, प्लेटोपासून नाही. प्लेटोपासून सुरुवात केली की निकाल आधी हातात पडतो आणि खटला मागाहून ऐकायचा उरतो. गेली सव्वादोन-अडीच हजार वर्षे बहुतेक तेच होत आले आहे. सॉफिस्ट म्हणजे पैसे घेऊन खोट्याचे खरे करायला शिकवणारा, शब्दांचा कीस काढणारा, सॉक्रेटीसने ज्याचे पितळ उघडे पाडले तो, एवढे आपण शाळा-कॉलेजातून शिकून येतो. पुढच्या पानांत या मंडळींचे जे अवशेष मराठीत एकत्र केले आहेत ते वाचताना हा निकाल थोडा वेळ बाजूला ठेवावा. खोडून टाकावा असे म्हणत नाही. दुसऱ्या बाजूलाही तिच्या वाट्याचे पाणी मिळावे, इतकेच.

आधी शब्दाकडे पाहू. ‘सोफोस’ म्हणजे शहाणा, जाणता, एखाद्या कलेत हात बसलेला. त्यावरून ‘सोफिस्तेस’. सुरुवातीला या शब्दात काहीच वावगे नव्हते. हिरॉडोटसने कायदेकर्ता सोलन आणि पायथॅगोरस या दोघांनाही हाच शब्द लावला आहे. शंभरेक वर्षांत त्याच्या अर्थाला वास येऊ लागला. मराठी वाचकाला हे समजायला जड जाऊ नये. ‘शहाणा’ हा आपला चांगला शब्द, पण ‘मोठा शहाणा लागून गेलास’ म्हणताना तोच शब्द चपराक होतो, आणि पुढे दीडशहाणा, अतिशहाणा अशी त्याची सगळी पिलावळ आहेच. फरक इतकाच की मराठीत चांगला शहाणा आणि वाईट शहाणा दोघेही टिकले. ग्रीकमध्ये प्लेटोनंतर चांगल्या अर्थाला बराच काळ जागाच उरली नाही. खुद्द सॉक्रेटीसला विष देऊन चोपन्न वर्षे झाल्यावर, इ.स.पू. ३४५ मध्ये, एस्किनीज नावाचा वक्ता भर न्यायसभेत अथेन्सच्या लोकांना म्हणाला होता की तुम्ही सॉफिस्ट सॉक्रेटीसला मारलेत. ऐकणाऱ्या कुणाला ते विशेष वाटल्याचे दिसत नाही. सॉक्रेटीस आणि सॉफिस्ट हे एकमेकांचे विरुद्ध, ही व्यवस्था रस्त्यावरच्या अथेन्सकराची नव्हे. ती प्लेटोची.

आता ते भांडे ज्या सभेत भरले जाई तिच्याविषयी. अथेन्समध्ये आजच्या अर्थाने वकील नव्हते. दरवर्षी तीस वर्षांवरच्या ६,००० नागरिकांची पंच म्हणून नोंद होई आणि खटल्याच्या वजनाप्रमाणे त्यांतले २०१, ४०१, ५०१ बसत. कायद्याचा अर्थ सांगणारा न्यायाधीश नाही, पंचांनी आपसांत विचारविनिमय करायची सोय नाही. दोन भाषणे ऐकायची आणि मत टाकून घरी जायचे. ज्याचा खटला त्यानेच बोलायचे. फार तर लिसियससारख्या कुणाकडून भाषण लिहून घेऊन पाठ करायचे. इ.स.पू. ४६२ च्या सुमारास एफिआल्टीसने जुन्या सरदारी मंडळाचे बहुतेक अधिकार काढून घेतले, पेरिक्लीझने पंचांना भत्ता सुरू केला, क्लिऑनने तो रोजी ३ ओबोल केला. तिकडे प्निक्सच्या टेकडीवर हजारो माणसे बसून युद्ध, तह, कर ठरवीत आणि तिथेही कुणीही नागरिक उठून बोलू शकत असे. अशा गावात बोलता न येणे हा नुसता बुजरेपणा राहत नाही. त्यापायी शेत जाते, देशोधडीला लागावे लागते, प्रसंगी जिवावर बेतते.

तेव्हा बोलणे शिकवणारे लोक येणारच होते. त्यांची पहिली चाहूल सिसिलीत लागते. सिराक्यूझची जुलमी राजवट कोसळल्यावर हिरावलेल्या जमिनी परत मिळवण्यासाठी दाव्यांची रीघ लागली आणि कोरॅक्स व टिसिअस यांनी युक्तिवादाचे नियम बांधले, अशी परंपरा आहे. त्यांच्या नावावर चालणारा एक नमुना ॲरिस्टॉटलने नोंदवला आहे. किरकोळ अंगाच्या माणसावर मारहाणीचा आरोप आला तर त्याने म्हणावे, मी कुणाला मारीन हे संभवते का? आणि आरोप धट्ट्याकट्ट्यावर आला तर? त्यानेही म्हणावे, हे संभवत नाही, कारण संशय माझ्यावरच येणार हे मला आधीच कळत होते. वाचून हसू येते. पण साक्षीदार नाही, लेखी कागद नाही, आणि संध्याकाळच्या आत निकाल द्यायचा आहे, अशा वेळी ‘काय संभवते’ याखेरीज पंचाच्या हातात दुसरे असते काय?

‘दुबळी बाजू सबळ करणे’ हा प्रोटॅगोरस या सॉफिस्टावरचा सर्वात जुना आरोप आहे. आपण ‘दुबळी’ या शब्दाचा अर्थ न कळत ‘खोटी’ असा करून टाकतो. न्यायसभेत दुबळी बाजू म्हणजे बहुधा जिच्याकडे साक्षीदार कमी, ओळखीपाळखी कमी, बापजाद्यांचे नाव नाही अशी. ती सबळ करणे पाप आहे की पुण्य, हे खटल्यावर अवलंबून राहील. आरोप करणाऱ्यांत ज्यांची बाजू जन्मतःच सबळ होती त्यांचा आवाज मोठा होता, हे मात्र ध्यानात ठेवावे.

या माणसांना प्रत्यक्ष पाहायचे तर प्लेटोचाच हात धरावा लागतो, आणि हात छान धरतो तो. ‘प्रोटॅगोरस’ या संवादाची सुरुवात मला सबंध ग्रीक गद्यातली सर्वात खेळकर जागा वाटते. उजाडायचे आहे. हिपोक्रटीस नावाचा तरुण (प्रसिद्ध वैद्य तो वेगळा) सॉक्रेटीसच्या दारावर काठी आपटतो आहे: प्रोटॅगोरस गावात आला आहे, मला त्याच्याकडे घेऊन चल. दोघे कॅलियस या धनाढ्याच्या घरी जातात. सॉफिस्टांवर त्याच्याइतका पैसा कुणीच उधळला नव्हता. दारावरचा नोकर पाहुण्यांना इतका वैतागला आहे की यांना पाहताच ‘आणखी सॉफिस्ट आले’ अशा अर्थाचे काही पुटपुटून तो दार धाडकन लावून घेतो. आत ओसरीवर प्रोटॅगोरस येरझाऱ्या घालतो आहे, मागे शिष्यांची रांग. तो वळला की रांग दुभंगते आणि पुन्हा कवायतीसारखी त्याच्या मागे लागते. समोर उंच आसनावर बसून हिप्पिअस ग्रहताऱ्यांवरच्या प्रश्नांना उत्तरे देतो आहे. प्रॉडिकसला जागा मिळाली ती कोठीच्या खोलीत. तो अजून घोंगड्या-कातड्यांत गुरफटून पडला आहे आणि त्याच्या भरड आवाजाने खोली अशी घुमते आहे की बाहेर शब्द एकही कळत नाही.

नावे ठेवायची तरी कशी, असा हा प्रसंग. पण थट्टेखाली प्लेटोने एक गोष्ट झाकलेली नाही. याच संवादात त्याने प्रोटॅगोरसला एक लांबलचक भाषण दिले आहे. माणसे जनावरांच्या तावडीतून वाचायला एकत्र येत, पण एकत्र राहता येईना म्हणून पुन्हा पांगत. तेव्हा झ्यूसने हर्मीसजवळ लाज आणि न्यायबुद्धी देऊन त्याला खाली पाठवले. हर्मीसने विचारले, वैद्यकीसारखी ही मोजक्यांनाच वाटू का? झ्यूस म्हणाला, सगळ्यांना वाट, नाहीतर गावे उभीच राहायची नाहीत. जहाज बांधायचे तर सुताराचेच ऐकावे, पण गावाचा कारभार कसा चालावा यावर चांभारानेही का बोलावे, याचे प्राचीन ग्रीसमधून आपल्यापर्यंत आलेले सर्वात धडधाकट समर्थन हे आहे. ते लोकशाहीवर जन्मभर रुष्ट असलेल्या माणसाने, आपल्या प्रतिपक्षाच्या तोंडी, प्रामाणिकपणे घातले. प्लेटोविषयी माझी तक्रार बरीच आहे. हे भाषण वाचले की ती काही काळ बोथट होते.

पैशाचा मुद्दा टाळून चालणार नाही. विद्याविक्रय हा शब्द आपल्या कानालाही बोचतो, त्यामुळे प्लेटोची नापसंती मराठी वाचकाला उपजत कळेल. इव्हिनस नावाचा सॉफिस्ट संपूर्ण शिक्षणाचे ५ मिना घेत असे, असे सॉक्रेटीस आपल्या बचावाच्या भाषणात सांगतो. एका मिनाचे १०० द्राख्मे, आणि शतकाच्या अखेरीस कसबी कारागिराची रोजची मजुरी साधारण एक द्राख्मा. म्हणजे दगड घडवणाऱ्याच्या मुलाला हे शिकायचे तर बापाचे ५०० दिवस. प्रॉडिकसच्या शब्दभेदांवरच्या व्याख्यानाचे दोन दर होते, ५० द्राख्म्यांचे आणि एका द्राख्म्याचे. आपल्याला स्वस्तातलेच परवडले, असे सॉक्रेटीस थट्टेने म्हणतो. प्रोटॅगोरसने एकट्याने फिडिअस आणि आणखी दहा मूर्तिकारांहून जास्त मिळवले, हेही प्लेटोच सांगतो. पण त्याच प्रोटॅगोरसची रीत अशी होती की फी जास्त वाटली तर शिष्याने देवळात जावे, शिकलेल्याची किंमत शपथेवर सांगावी आणि तेवढीच ठेवावी. आजच्या कुठल्या क्लासवाल्याने ही अट मान्य केली असती, हे वाचकाने आपल्याशी ताडून पाहावे. आणि हेही विसरू नये की फी न घेणाऱ्या प्लेटोला फीची गरज नव्हती. जुन्या घराण्यातला, जमीनजुमल्याचा धनी माणूस होता तो. कुलीनाला बापाकडून, मामाकडून, जेवणाच्या पंगतीतून जे फुकट मिळे, ते हे परगावचे लोक बाजारात मांडून बसले, खरी कळ तिथे होती. तरीही त्यांनी ते सगळ्यांसाठी मांडले असे म्हणणे भाबडेपणाचे होईल. ज्याच्या गाठीला पैसा त्याच्यासाठीच मांडले. जन्माची मक्तेदारी मोडली ती थैलीने, आणि अथेन्समधल्या स्त्रिया व गुलाम या हिशोबात कुठेच नव्हते.

परगावचे हा शब्द सहज लिहून गेलो, पण तो महत्त्वाचा आहे. प्रोटॅगोरस उत्तरेकडच्या अब्डेराचा, गॉर्जियस सिसिलीतल्या लिओंटिनीचा, प्रॉडिकस केऑस बेटावरचा, हिप्पिअस इलिसचा, थ्रॅसिमॅकस चॅल्सिडॉनचा. अथेन्सकरांना सभेत बोलायला शिकवणाऱ्या या लोकांना स्वतःला त्या सभेत नागरिक म्हणून उभे राहता येत नव्हते, मत देता येत नव्हते. गावोगाव फिरताना त्यांनी पाहिले की इथे जे पवित्र ते तिथे ओंगळ. त्यातून त्यांचा तो सुप्रसिद्ध भेद निघाला: ‘नोमोस’ आणि ‘फ्युसिस’, माणसांनी घातलेली रीत आणि निसर्गाने दिलेले अंग. देव, गुलामगिरी, कायदा, घराणे, यांतले काय निसर्गाचे आणि काय आपणच घातलेले, हा प्रश्न एकदा मोकळा सुटल्यावर परत कोंडता येत नाही. प्रोटॅगोरस म्हणाला, माणूस हेच सर्व वस्तूंचे माप आहे. देवांविषयी तो म्हणाला की ते आहेत की नाहीत हे मला कळू शकत नाही; विषय अंधुक आहे आणि आयुष्य तोकडे. प्रॉडिकसच्या मते माणसाने आपल्याला उपयोगी पडणाऱ्या गोष्टींनाच देव केले, धान्याची डिमीटर झाली आणि द्राक्षाचा डायोनायसस. गॉर्जियसचा शिष्य ॲल्सिडॅमस म्हणाला की निसर्गाने कुणालाही गुलाम केलेले नाही. पुढे ॲरिस्टॉटलने काही माणसे स्वभावतःच गुलाम असतात असे सिद्ध करायचा घाट घातला. तत्त्वज्ञ कोण आणि सॉफिस्ट कोण, ही आपली विभागणी अशा जागी चांगलीच अवघडते.

अँटिफॉन या सॉफिस्टाच्या बाबतीत तर जमिनीनेच साक्ष बदलली. त्याच्या ‘सत्य’ या ग्रंथाचे तुकडे इजिप्तमधल्या ऑक्सिऱ्हिंकस गावच्या प्राचीन उकिरड्यात मिळाले आणि १९१५ मध्ये छापले गेले. त्यात एक जागा फाटलेली होती. संपादकांनी ती भरून वाचली: थोर बापाच्या पोटी आलेल्यांना आपण मान देतो, हलक्या घरच्यांना देत नाही. जवळजवळ सत्तर वर्षे अँटिफॉन हा वर्गभेदाचा वैरी म्हणून नावाजला गेला. १९८४ मध्ये त्याच पोथीचा आणखी एक तुकडा प्रसिद्ध झाला आणि वाक्याचा विषयच पालटला. तिथे बाप नव्हते, जवळचे आणि दूरचे लोक होते. जवळच्यांच्या रीती आपल्याला माहीत असतात म्हणून आपण त्या मानतो, दूरच्यांच्या माहीत नसतात म्हणून मानत नाही, आणि अशाने आपण एकमेकांना रानटी झालो आहोत, असा आशय निघाला. पुढे त्याचा युक्तिवाद अगदी साधा आहे: ग्रीक असो की परका, सगळे नाकातोंडानेच श्वास घेतात आणि हातानेच खातात. सॉफिस्टांविषयी आपण जे छातीठोकपणे बोलतो ते अशा चार बोटांच्या चिंध्यांवर उभे आहे, हे या पुस्तकाच्या वाचकाने दर पानाला आठवावे.

गॉर्जियसविषयी थोडे जास्त लिहितो, कारण त्याची दोन भाषणे सबंध उरली आहेत. इ.स.पू. ४२७ मध्ये तो लिओंटिनीचा वकील म्हणून सिराक्यूझविरुद्ध मदत मागायला अथेन्सला आला आणि त्याच्या भाषणाने लोक थक्क झाले. तोलून मापून कापलेली वाक्ये, विरोधी जोड्या, यमकासारखे शेवट. गद्याला असा ठेका असू शकतो हे त्यांनी ऐकले नव्हते. त्याचे ‘हेलेनची स्तुती’ हे भाषण म्हणजे सगळ्या ग्रीसने जिच्या माथी ट्रॉयचे युद्ध मारले त्या बाईचे वकीलपत्र. ती गेली ती देवांच्या इच्छेने, किंवा बळजबरीने, किंवा बोलण्याला भुलून, किंवा प्रेमाने. चारही वेळा दोष तिचा नाही. यातली तिसरी शक्यता तो सर्वात लांबवतो, आणि तिथे भाषण हेलेनला सोडून स्वतः भाषणाकडेच वळते. शब्द हा दिसत नाही, त्याचे शरीर सर्वात सूक्ष्म, पण सत्ता राजाची. औषधाने शरीराचे होते तेच शब्दाने मनाचे होते: काही औषधे रोग घालवतात, काही जीव. शब्दांचा हा सौदागर ग्राहकाला मालाचे विष दाखवूनच माल विकतो, आणि शेवटी हे सगळे माझे खेळणे होते म्हणून हात झटकतो. प्लेटोने पुढे वक्तृत्वावर जो हल्ला केला त्याचा दारूगोळा गॉर्जियसच्याच कोठारातला आहे. मात्र विष आणि औषध यांतला फरक कुणी आणि कसा करायचा, याचे उत्तर गॉर्जियसने दिलेले नाही. मला त्याची ही सर्वात मोठी उणीव वाटते, आणि शंभरी ओलांडलेल्या माणसाला वेळ पुरला नाही असेही म्हणता येत नाही.

त्याच ४२७ सालची, त्याच गावची आणखी एक हकिगत इथे सांगायला हवी. मिटिलीनी हे लेस्बॉस बेटावरचे शहर अथेन्सविरुद्ध उठले आणि शरण आले. संतापलेल्या सभेने ठरवले की सगळे प्रौढ पुरुष ठार करायचे आणि बायकामुले विकायची. हुकूम घेऊन जहाज निघाले. रात्री लोकांच्या मनाला टोचणी लागली आणि दुसऱ्या दिवशी सभा पुन्हा भरली. इतिहासकार थ्युसिडिडीझने त्या दिवसाची दोन भाषणे दिली आहेत. क्लिऑन फेरविचाराविरुद्ध उठला आणि लोकांवर खेकसला: तुम्ही राज्याचा निर्णय करणाऱ्या माणसांसारखे बसत नाही, सॉफिस्टांचा कार्यक्रम पाहायला आल्यासारखे बसता, कानांच्या सुखाला चटावलेले आहात. हे म्हणताना त्याची स्वतःची वाक्ये कशी नव्या फॅशनप्रमाणे कातरलेली आहेत ते पाहण्यासारखे आहे. मग डायोडोटस बोलला. दयेचा शब्द त्याने काढला नाही. शरण येणाऱ्यालाही मारले तर यापुढे कुणी शरण येणार नाही आणि नुकसान आपलेच, एवढेच तो थंडपणे मांडत गेला. त्याची बाजू दुबळी होती. आदल्या दिवसाचा ठराव, लोकांचा राग, गावातला सर्वात वजनदार पुढारी, सगळे समोर होते. तो अगदी थोड्या मतांनी जिंकला. दुसरे जहाज सुटले तेव्हा पहिल्याला साधारण एक दिवस नि एक रात्र झाली होती. वल्हेकऱ्यांनी दारू आणि तेलात कालवलेले सातूचे पीठ वल्ही मारता मारता खाल्ले, पाळीपाळीने झोप घेतली. हुकूम वाचून अंमल सुरू होणार तोच ते पोचले. तरीही उठावाचे सूत्रधार म्हणून ठरवलेले हजारावर लोक मारले गेलेच, असे थ्युसिडिडीझ सांगतो.

डायोडोटस कुणाचा शिष्य होता की नव्हता, हा प्रश्न मी इथे आणत नाही. मुद्दा एवढाच की ज्या सवयीला क्लिऑन सॉफिस्टांचे व्यसन म्हणाला, तिच्यामुळे एक शहर वाचले. आणि उलट बाजूही सांगतो. अकरा वर्षांनी, इ.स.पू. ४१६ मध्ये, अथेन्सच्या दूतांनी मेलोस बेटावर जाऊन न्यायाची भाषा आमच्यापाशी काढूच नका, बलवान करील ते करील आणि दुबळा सोसेल, असे बजावले, तेव्हा त्यांच्या तोंडीही त्याच काळात घडलेली भाषा होती. न्याय म्हणजे बलवानाचे हित, हे थ्रॅसिमॅकसचे मत प्लेटोने ‘रिपब्लिक’च्या आरंभी मांडले आहे ते हवेतून आणलेले नाही. मेलोसच्या वेळी पाण्याचे भांडे नव्हते. एकाच बाजूकडे जहाजे होती.

ॲरिस्टोफेनिसच्या ‘मेघ’ नाटकाविषयी फार लिहीत नाही, इ.स.पू. ४२३ चे हे नाटक सर्वांना माहीत असते. कर्जबाजारी म्हातारा सावकारांना चकवायला मुलाला युक्तिवाद शिकायला पाठवतो, आणि मुलगा शिकून येऊन बापालाच बडवतो व ते योग्य असल्याचे सिद्ध करून दाखवतो. त्या शाळेचा मुख्य म्हणून नाटककाराने सॉक्रेटीसला उभे केले. चोवीस वर्षांनी, इ.स.पू. ३९९ मध्ये, बचावाला उभ्या राहिलेल्या सॉक्रेटीसने आपला सर्वात जुना फिर्यादी म्हणून याच विनोदाकडे बोट दाखवले.

प्लेटो आणि ॲरिस्टॉटलने मग सॉफिस्टाची जात ठरवून टाकली. ‘सॉफिस्ट’ या संवादात तो श्रीमंत पोरांचा भाडोत्री शिकारी आहे, विद्येचा घाऊक आणि किरकोळ व्यापारी आहे. ॲरिस्टॉटलने हेत्वाभासांवर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. खोटे तर्क होते हे नाकारण्यात अर्थ नाही. प्लेटोच्या ‘युथिडिमस’मध्ये दोन भाऊ सिद्ध करतात की तुझा कुत्रा पिलांचा बाप आहे आणि कुत्रा तुझा आहे, सबब तो तुझा बाप आहे. आपल्या न्यायशास्त्रात छल म्हणून जो प्रकार सांगतात तो हाच. तिथले उदाहरण ‘नवकंबल’, नवे कांबळे म्हटले की समोरच्याने नऊ कांबळी कुठे आहेत म्हणून विचारायचे. पण गौतमाच्या सूत्रांत वाद, जल्प आणि वितंडा यांची नुसती प्रतवारी नाही. जल्प-वितंडेलाही तिथे काम दिले आहे, कोवळ्या अंकुराभोवती लावलेल्या काटेरी कुंपणाचे. आपण ‘वितंडवाद’ हा शब्द रोज शिवीसारखा वापरतो तेव्हा हे कुंपण विसरलेलो असतो. ग्रीसमध्ये आयसॉक्रटीसने साधारण असाच मधला मार्ग धरला. स्वतःच ‘सॉफिस्टांविरुद्ध’ नावाचे भाषण लिहून त्याने जी शाळा चालवली ती पाहिली तर गॉर्जियसचाच वारसा नीटनेटका केलेला दिसतो. पुढे रोमन साम्राज्यात सॉफिस्ट हा पुन्हा मानाचा किताब झाला, पण तो वेगळ्या पुस्तकाचा विषय. एकोणिसाव्या शतकात आधी हेगेलने आणि मग १८५० मध्ये आपल्या ग्रीक इतिहासाच्या आठव्या खंडात जॉर्ज ग्रोटने या मंडळींची बाजू नव्याने ऐकली. ग्रोट लंडनचा बँकवाला, पार्लमेंटात बसलेला माणूस. सभेत भाषणे ऐकून मत द्यावे लागलेल्या माणसाला सॉफिस्ट आधी कळावेत, यात मला नवल वाटत नाही.

वाचायचे कसे, याबद्दल एक सूचना. प्रोटॅगोरसच्या त्रोटक वाक्यांपासून सुरुवात करू नये. त्यांवर आधीच इतके अर्थ साचले आहेत की खालचे दगड दिसत नाहीत. आधी ‘हेलेनची स्तुती’ मोठ्याने वाचावी, मनातल्या मनात नव्हे. मग शेवटी दिलेले ‘दुहेरी युक्तिवाद’ हे निनावी टिपण घ्यावे. ते डोरिक बोलीतले आहे, अथेन्स-स्पार्टा युद्ध संपल्यानंतर लिहिलेले, आणि सेक्स्टस एम्पिरिकस या संशयवादी तत्त्वज्ञाच्या हस्तलिखितांच्या शेपटाला चिकटून आपल्यापर्यंत आले. कर्त्याची लेखणी बेताची आहे. शिक्षकाने वर्गासाठी काढलेल्या नोट्स वाटाव्यात असे ते लिखाण आहे, आणि म्हणूनच मला ते प्रिय आहे, कारण त्यात थोरांची ऐट नाही, रोजचा अभ्यास आहे. आजारपण रोग्याला वाईट, वैद्याला चांगले. मरण मरणाऱ्याला वाईट, थडगी खणणाऱ्याला चांगले. एका बाजूने हे मांडून झाले की लगेच दुसरी बाजू: चांगले आणि वाईट एकच असेल तर मग आईबापांचे भले करणे म्हणजेच त्यांचे वाईट करणे होईल की! शाळेतल्या वादविवाद स्पर्धेत बाजू चिठ्ठीने ठरायची आणि विरुद्ध बाजू आली म्हणून हिरमुसून घरी यायचो, ते मला हे वाचताना आठवते. त्या दिवशी केलेली तयारीच पुढे जास्त उपयोगी पडली.

टिपणाच्या अखेरच्या भागात स्मरणाची युक्ती सांगितली आहे. ऐकलेले पुन्हा पुन्हा म्हणावे आणि नवे नाव जुन्या ओळखीच्या गोष्टीला बांधावे. क्रायसिपस हे नाव लक्षात ठेवायचे तर सोने आणि घोडा आठवावा, कारण नावात ते दोन्ही शब्द आहेत. शौर्य लक्षात ठेवायचे तर ॲरीस आणि अकिलीस, लोहारकाम असेल तर हिफीस्टस, भित्रेपणासाठी एपिअस. इथपर्यंत अक्षर स्पष्ट आहे. यापुढचा मजकूर पोथीत नाही.